रंगभूमी आणि रणभूमी : जोसेफिन बेकर

हेर म्हटला की आपल्याला बहिर्जी नाईक आठवतात. फकीर, वासुदेव, गोसावी अशी नाना सोंगे घेऊन शत्रूच्या गोटात शिरणारे बहिर्जी आपण शाळेत असल्यापासून ऐकत आलो आहोत. हेराचा आणि नटाचा धंदा तसा एकच. दोघांनाही सोंग उत्तम वठवावे लागते. पण आज मी जिच्याविषयी लिहिणार आहे, तिने हेरगिरी करताना सोंग घेतलेच नाही. साऱ्या युरोपला ठाऊक असलेले आपले नाव, आपला चेहरा आणि आपल्या भरजरी पोशाखांच्या पेट्या घेऊन ती उजळ माथ्याने सरहद्दी ओलांडत होती !

गेल्या वर्षी दुसरे महायुद्ध शिकवताना आमच्या सरांनी ओघात तिचे नाव घेतले. जोसेफिन बेकर. नर्तकी, गायिका, चित्रपटातील नटी आणि फ्रान्सची गुप्तहेर. नर्तकी हा शब्द ऐकताच मागच्या बाकांवर हशा पिकला. खरे सांगायचे तर मीही हसले. ‘नाचणारी’ हा शब्द आमच्या गावात ज्या सुरात उच्चारला जातो, तो सूर माझ्याही कानात लहानपणापासून बसलेला आहे. पुढे ग्रंथालयात एका जाडजूड पुस्तकात तिचे छायाचित्र पाहिले. अंगावर लष्करी गणवेश, छातीवर पदके. त्यानंतर मिळेल ते वाचत गेले. हा लेख म्हणजे त्या दिवशीच्या हसण्याची भरपाई आहे, असे समजावे.

अमेरिकेतील मिसुरी राज्यात सेंट लुईस नावाचे शहर आहे. तेथे ३ जून १९०६ रोजी एका गरीब निग्रो वस्तीत तिचा जन्म झाला. (त्या काळी हाच शब्द रूढ होता, आज तो अपमानकारक समजला जातो, म्हणून यापुढे मी कृष्णवर्णीय असे म्हणेन.) तिचे मूळ नाव फ्रेडा जोसेफिन मॅक्डोनाल्ड. आई कॅरी लोकांचे कपडे धुऊन पोट भरी. वयाच्या आठव्या वर्षी जोसेफिन गोऱ्यांच्या घरी मोलकरीण म्हणून कामाला लागली. एका मालकिणीने, धुण्यात साबण जास्त घातला म्हणून, तिचे हात भाजवले होते, असे ती पुढे सांगत असे.

येथे मला क्षणभर थांबले पाहिजे. माझी आई चार घरची धुणीभांडी करते. महाविद्यालयात आल्यापासून हे मी कुणाला सांगितले नव्हते. आता छापूनच येणार म्हटल्यावर लपवण्यात अर्थ नाही. आई ज्या घरी कामाला जाते, तेथील माणसे तिच्यादेखत सारे काही बोलतात. जमिनीचे व्यवहार, मुलीची सोयरीक, भावाभावांतले तंटे, कर्जाचे आकडे. भिंतीलाही कान असतात असे म्हणणारी माणसे भांडी घासणाऱ्या बाईला कान असतात हे मात्र विसरतात. आई घरी येऊन त्यातले अवाक्षर काढत नाही, ही गोष्ट निराळी. पण जोसेफिनची हेरगिरीची पहिली शाळा कोणती असेल, याचा विचार करताना मला लष्करी कचेरी आठवत नाही. मला परक्याच्या स्वयंपाकघरात मान खाली घालून उभी असलेली आठ वर्षांची पोर दिसते.

जुलै १९१७ मध्ये, ती अकरा वर्षांची असताना, मिसिसिपी नदीच्या पलीकडे ईस्ट सेंट लुईस येथे वांशिक दंगल उसळली. कृष्णवर्णीयांची घरे जाळली गेली, माणसे मारली गेली. जीव वाचवण्यासाठी लोक पुलावरून अलीकडे धावत आले. तो देखावा ती मरेपर्यंत विसरली नाही. जगात कुठे तरी याहून निराळे असेल, अशी तिची धडपड तेव्हापासून सुरू झाली असावी.

तेराव्या वर्षी तिचे लग्न झाले आणि मोडले. पंधराव्या वर्षी दुसरे लग्न झाले. ते विली बेकर याच्याशी. तेही टिकले नाही, पण बेकर हे आडनाव तिने जन्मभर वापरले. त्या काळात ती फिरत्या नाटक मंडळीत कपडेपट सांभाळण्यापासून पडेल ते काम करत होती. ‘शफल अलाँग’ या गाजलेल्या संगीत नाटकात तिला आधी घेतले नव्हते. वय कमी, अंगाने किडकिडीत आणि रंगाने फार काळी, ही कारणे. कृष्णवर्णीयांच्याच नाटकात रंगाने फार काळी ! पुढे तिला समूहनृत्यात शेवटच्या जागी उभे राहायला मिळाले. तेथे ती मुद्दाम पावले चुकवी, डोळे तिरळे करी, आणि प्रेक्षक रांगेतल्या सगळ्या मुली सोडून हिच्याकडेच पाहत.

१९२५ मध्ये एका नृत्यपथकाबरोबर ती बोटीने फ्रान्सला गेली. २ ऑक्टोबर १९२५ रोजी पॅरिसमधील शाँझेलिझे थिएटरात ‘रेव्ह्यू नेग्र’चा पहिला प्रयोग झाला आणि एका रात्रीत तिचे नाव पॅरिसभर झाले. तेव्हा ती एकोणीस वर्षांची होती. मीही आज एकोणीस वर्षांचीच आहे आणि तालुक्याच्या गावाहून जिल्ह्याच्या गावी एकटीने एस.टी.ने जायचे म्हटले तरी माझ्या पोटात गोळा येतो.

पुढच्याच वर्षी ‘फॉली बेर्जेर’ या नाट्यगृहात तिने केळ्यांचा घागरा घालून नृत्य केले. कापडी केळी कमरेभोवती बांधलेली, बाकी अंगावर फारसे काही नाही. हे चित्र जगभर पोहोचले. या ठिकाणी तिचे नुसते कौतुक करून पुढे जाणे मला जमत नाही. फ्रान्समधल्या प्रेक्षकांना आफ्रिकेच्या जंगलातली रानटी स्त्री पाहायची होती. सेंट लुईसच्या या मुलीने आफ्रिका पाहिलेलीही नव्हती ! त्यांना हवे ते तिने दिले आणि नाचता नाचता त्यांनाच हसलीही. तिच्या त्या अतिरेकी अंगविक्षेपांत आणि तिरळ्या डोळ्यांत थट्टा आहे, असे मला वाटते. पण थट्टा कुणाची, हे तिकीट काढून आलेल्या माणसाला कळले असेल का, याविषयी माझ्या मनात शंका आहे.

चित्रपटांतही तिच्या वाट्याला हेच आले. १९२७ मध्ये ‘सिरेन ऑफ द ट्रॉपिक्स’ हा मूकपट आला. १९३४ मध्ये ‘झूझू’ हा बोलपट आला. त्यात पुढे फार मोठा झालेला ज्याँ गाबाँ हा नट तिच्याबरोबर होता. या चित्रपटातील नायिका लाँड्रीत काम करते. धुणेवालीची मुलगी पडद्यावरही धुणेवालीच ! ही झूझू योगायोगाने रंगमंचावर येते, मोठी नटी होते. परंतु ज्याच्यावर तिचे प्रेम आहे तो तरुण तिच्या गोऱ्या मैत्रिणीवर प्रेम करतो. शेवटी झूझू सोनेरी पिंजऱ्यात बसून गाते. १९३५ मधील ‘प्रिन्सेस ताम ताम’मध्ये ती ट्युनिशियातली मेंढ्या राखणारी पोर होती. एक फ्रेंच लेखक तिला राजकन्या म्हणून पॅरिसच्या समाजात मिरवतो, आणि शेवटी कळते की तिचे राजकन्या होणे हे त्या लेखकाच्या कादंबरीपुरतेच होते. हे चित्रपट तिच्यासाठीच काढलेले होते. प्रेक्षक तिच्यासाठीच येत. तरीही गोष्टीच्या शेवटी नायक तिच्या वाट्याला कधी येत नसे.

१९३६ मध्ये ती मोठ्या आशेने न्यूयॉर्कला गेली. तेथील समीक्षकांनी तिची निर्दय टिंगल केली. पॅरिसची राणी आपल्या मायभूमीत पुन्हा कॅरी धोबिणीची पोरच ठरली. ती परत आली. १९३७ मध्ये तिने ज्याँ लिओं या ज्यू उद्योजकाशी लग्न केले आणि ३० नोव्हेंबर १९३७ रोजी ती फ्रान्सची नागरिक झाली. ही तारीख वाचकांनी लक्षात ठेवावी.

सप्टेंबर १९३९ मध्ये युद्ध पेटले. फ्रेंच लष्कराच्या गुप्तवार्ता विभागातील जाक आब्ते हा अधिकारी तेव्हा असे लोक शोधत होता, की ज्यांना कुठेही सहज प्रवेश मिळेल आणि जे पैसे न घेता काम करतील. त्याला जोसेफिनचे नाव सुचवण्यात आले. आब्ते साशंक होता. पहिल्या महायुद्धात माताहारी या नर्तकीला फ्रान्सने जर्मनांची हेर ठरवून १९१७ मध्ये गोळ्या घातल्या होत्या. ‘नाचणारी’ म्हणताच फ्रेंच लष्कराच्या अधिकाऱ्यालाही तेच सुचले, जे आमच्या वर्गाला सुचले ! पण तिला भेटून आल्यावर त्याची शंका फिटली. जे काही आपण झालो ते फ्रान्समुळे, आणि त्यासाठी प्राण द्यावा लागला तरी हरकत नाही, अशा अर्थाचे ती त्याच्याशी बोलली. त्या बदल्यात तिने पैसा घेतला नाही.

तिचे पहिले काम अगदी साधे होते. मेजवान्यांना जायचे, हसायचे, नाचायचे आणि ऐकायचे. इटलीच्या वकिलातीत तिची ऊठबस होती. मुत्सद्दी आणि लष्करी अधिकारी तिच्याशी गप्पा मारताना सैल होत. सुंदर नटीला राजकारणातले काय कळणार ? ऐकलेले ती हातावर, दंडावर चटकन टिपून घेई. कुणी पाहिलेच तर नटीच्या अंगावरची शाई पाहून कोण संशय घेणार, असा तिचा हिशोब होता. मालकांच्या देखत मोलकरीण जशी घरात असून नसते, तशीच नर्तकी दरबारात डोळ्यांसमोर असूनही कुणाच्या खिजगणतीत नसते. ही गोष्ट जोसेफिनला दोन्ही बाजूंनी ठाऊक होती.

जून १९४० मध्ये जर्मन फौजा पॅरिसमध्ये शिरल्या. कृष्णवर्णीय कलावंतांना आणि ज्यूंना नाझी राज्यात जागा नव्हती. ती दक्षिणेकडे दोर्दोन्य भागातील मिलांद या आपल्या भाड्याच्या गढीत राहायला गेली. तेथे तिने प्रतिकार चळवळीतील लोकांना आश्रय दिला. लंडनला गेलेल्या जनरल द गॉल यांच्यापर्यंत बातम्या पोहोचवायच्या होत्या. नोव्हेंबर १९४० मध्ये तिने प्रयोगांचे निमित्त काढून पोर्तुगालचा प्रवास आखला. आब्ते तिचा सेक्रेटरी झाला. जाक एबेर हे नाव, खोटा पासपोर्ट, वाढवलेले वय. सोंग घ्यायचे ते त्याने घेतले ! जर्मन सैन्याच्या हालचाली, विमानतळ, बंदरे यांविषयीची माहिती तिच्या गाण्यांच्या स्वरलिपीच्या कागदांवर अदृश्य शाईने लिहिलेली होती. काही वेळा चिठ्ठ्या ती अंतर्वस्त्रांना टाचण्या लावून नेत असे. स्पेनच्या सरहद्दीवर आणि विमानतळांवर अधिकारी तिच्याभोवती गोळा होत. त्यांना तिची स्वाक्षरी हवी असे. सामानातले गाण्याचे कागद उजेडात धरून पाहावेत असे कुणाच्याही मनात आले नाही. सेक्रेटरीकडे तर कुणी ढुंकूनही पाहिले नाही. लिस्बनहून ती माहिती लंडनला पोहोचली.

पकडली गेली असती तर ? या प्रश्नाचे उत्तर आपल्याला माहीत आहे. माताहारीला निदान न्यायालय तरी मिळाले होते.

१९४१ च्या आरंभी ती उत्तर आफ्रिकेत गेली. मोरोक्कोतून स्पेन आणि पोर्तुगालला तिच्या फेऱ्या चालू राहिल्या. त्याच वर्षी कॅसाब्लांका येथे तिला जिवावरचे दुखणे आले. पोटात विष पसरले, एकामागून एक शस्त्रक्रिया झाल्या. सुमारे दीड वर्ष ती रुग्णालयात होती. ती वारल्याची बातमी अमेरिकेतल्या वर्तमानपत्रांत छापूनही आली ! पण तिची खोली तेव्हाही कामाची ठरली. आजारी नटीला पाहायला कोणीही येऊ शकतो. आब्ते येई, अमेरिकन वकिलातीतली माणसे येत, आणि पलंगाशेजारी निरोपांची देवघेव होई. नोव्हेंबर १९४२ मध्ये दोस्तांच्या फौजा मोरोक्को आणि अल्जीरियाच्या किनाऱ्यांवर उतरल्या तेव्हा ती अजून अंथरुणावर होती.

बरी झाल्यावर तिने दोस्त सैनिकांसाठी उत्तर आफ्रिका आणि मध्यपूर्वेत वाळवंटातून जीपने प्रवास करत कार्यक्रम केले, तेही विनामूल्य. द गॉल यांनी तिला लोरेनचा छोटा सोन्याचा क्रूस भेट दिला होता. तोही तिने लिलावात विकून पैसा प्रतिकार चळवळीला दिला. १९४४ मध्ये तिला स्वतंत्र फ्रान्सच्या हवाई दलाच्या महिला विभागात सब-लेफ्टनंटचा हुद्दा मिळाला. १९४६ मध्ये प्रतिकार पदक मिळाले. लीजन ऑफ ऑनर आणि क्र्वा द गेर हे सन्मान तिच्या हाती पडायला मात्र १९६१ साल उजाडले.

येथे गोष्ट संपली असती तर ती चित्रपटासारखी झाली असती. पण आयुष्य असे सोयीने संपत नाही. १९५१ मध्ये ती अमेरिकेत दौऱ्यावर गेली. गोरे आणि काळे प्रेक्षक एकत्र बसणार असतील तरच गाईन, ही तिची अट होती. मायामीत ती मान्य झाली. परंतु त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये न्यूयॉर्कच्या स्टॉर्क क्लबमध्ये तिने मागवलेले जेवण तिच्यापुढे आलेच नाही. तिने जाहीर तक्रार केली. तेव्हा वॉल्टर विंचेल या बड्या स्तंभलेखकाने तिला कम्युनिस्टधार्जिणी ठरवले. तिचे कार्यक्रम रद्द झाले. अमेरिकेच्या एफ.बी.आय.ने तिच्याविषयी कागद जमवायला सुरुवात केली. हुकूमशहांविरुद्ध जिने हेरगिरी केली, तिच्यावरच आता लोकशाहीचे हेर नजर ठेवू लागले !

तिचे दोषही सांगायला हवेत. १९४७ मध्ये तिने जो बुइयों या संगीतकाराशी विवाह केला आणि त्याच वर्षी मिलांदची गढी विकत घेतली. १९५४ पासून तिने निरनिराळ्या देशांतील, वंशांतील आणि धर्मांतील बारा मुले दत्तक घेतली. जपान, फिनलंड, कोलंबिया, अल्जीरिया, आयव्हरी कोस्ट अशा नाना ठिकाणची. त्यांना ती इंद्रधनुष्य कुटुंब म्हणे. माणसे एकत्र नांदू शकतात हे तिला जगाला दाखवायचे होते. पण दाखवायचे होते म्हणूनच तेथे पर्यटक तिकीट काढून येत आणि मुलांना पाहत. जी स्वतः आयुष्यभर प्रदर्शनात उभी राहिली, तिने आपल्या मुलांनाही प्रदर्शनात उभे केले, हे मला खटकते. पैशाचा हिशोबही तिला कधी जमला नाही. कर्ज वाढत गेले आणि मार्च १९६९ मध्ये तिला गढीतून जबरदस्तीने बाहेर काढण्यात आले. पायरीवर बसलेल्या म्हाताऱ्या जोसेफिनचे छायाचित्र वर्तमानपत्रांत आले. मोनाकोची प्रिन्सेस ग्रेस (तीही पूर्वीची नटीच) हिने तिला आसरा मिळवून दिला.

पण त्याआधीचा एक प्रसंग सांगायचा राहिला. २८ ऑगस्ट १९६३ रोजी वॉशिंग्टन येथे कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी प्रचंड मोर्चा निघाला. सुमारे अडीच लाख माणसे जमली होती. मार्टिन ल्यूथर किंग यांचे गाजलेले भाषण त्याच दिवशीचे. त्या व्यासपीठावरून जोसेफिनही बोलली. सत्तावन्न वर्षांची ती बाई त्या दिवशी ना पिसांच्या पोशाखात आली, ना हिऱ्यांनी मढून आली. तिने आपला स्वतंत्र फ्रान्सचा लष्करी गणवेश घातला होता आणि त्यावर सारी पदके लावली होती.

ग्रंथालयात मी पाहिलेले छायाचित्र त्या दिवसाचे होते. आता त्याचा अर्थ मला थोडा थोडा कळतो. लोक आपल्याला हलके समजतात याचा तिने युद्धात शस्त्रासारखा उपयोग केला. त्यांनी तिला मोलकरीण समजावे, नाचणारी समजावे, तिने आपले काम करावे. पण हलके समजले जाण्याचा फायदा घेता येतो म्हणून ते समजणे योग्य ठरत नाही. म्हणून ज्या दिवशी सांगायची वेळ आली, त्या दिवशी तिने सगळे अंगावर घालून भर उन्हात दाखवले. मी कोण आहे ते नीट पाहा !

८ एप्रिल १९७५ रोजी पॅरिसच्या बोबिनो थिएटरात तिच्या पन्नास वर्षांच्या कारकिर्दीचा सोहळा झाला. ती गायली, नाचली. चार दिवसांनी, १२ एप्रिलला, मेंदूतील रक्तस्रावाने तिचा अंत झाला. फ्रान्सने तिला लष्करी मानवंदना दिली आणि मोनाकोत तिचे दफन झाले. ३० नोव्हेंबर २०२१ रोजी पॅरिसच्या पाँतेओंमध्ये, जेथे फ्रान्सचे थोर पुरुष विसावले आहेत, तेथे तिला स्थान मिळाले. तो मान मिळालेली ती पहिली कृष्णवर्णीय स्त्री. ती फ्रान्सची नागरिक झाली त्याला त्या दिवशी बरोबर चौऱ्याऐंशी वर्षे झाली होती. तिचा देह मोनाकोतच राहिला. पाँतेओंमध्ये आणलेल्या पेटीत माती होती : सेंट लुईसची, पॅरिसची, मिलांदची आणि मोनाकोची.

हा लेख लिहून झाल्यावर मी तो आईला वाचून दाखवला. पॅरिस, लिस्बन हे तिच्या डोक्यावरून गेले. साबण जास्त घातला म्हणून हात भाजले, हे मात्र तिने मला दोनदा वाचायला लावले. मग तिने विचारले की त्या पोरीचे हात पुढे बरे झाले का. पुस्तकांत या प्रश्नाचे उत्तर मला सापडले नव्हते, आणि तो प्रश्न माझ्या मनातही आला नव्हता.

प्रथम वर्षाच्या प्रवेश अर्जावर ‘आईचा व्यवसाय’ या रकान्यात मी ‘नोकरी’ असे लिहिले होते. द्वितीय वर्षालाही तेच उतरवले. जूनमध्ये तृतीय वर्षाचा अर्ज भरायचा आहे. त्या रकान्यात ‘धुणीभांडी’ असे स्वच्छ अक्षरात लिहायचे, एवढे मी ठरवले आहे.

— द्वितीय वर्ष, कला